नेमणूकपत्र नसलेले पद

गेल्या अंकात व्हर्सायच्या राजवाड्यावर एक लेख प्रसिद्ध झाला होता. त्यात अठराव्या शतकातला फ्रान्सचा राजा पंधरावा लुई याच्याविषयी लिहिताना लेखकाने ‘राजाची अधिकृत रखेल’ असे तीन शब्द जाता जाता वापरले होते. लेखाचा मुख्य विषय तेथील बागा आणि कारंजी हा होता. त्यावर एकही पत्र आले नाही. या तीन शब्दांवर मात्र गिरगावापासून बोरिवलीपर्यंतच्या वाचकांनी लिहिले आहे. त्यांतले निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे येथे देत आहोत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : रखेल आणि तीही अधिकृत, हे कसे काय? मी तीस वर्षे शाळेत इतिहास शिकवला. पण राजाने रखेलीला सनद दिल्याचे कधी वाचले नाही. फ्रान्सच्या राजाने तशी सनद दिली होती काय? (एक निवृत्त शिक्षिका, गिरगाव)

उत्तर : आपली शंका रास्त आहे आणि तिचा निम्मा भाग भाषेचा आहे. या नात्यासाठी मराठीत शब्दांची वाण नाही. रखेल, रक्षा, अंगवस्त्र, ठेवलेली बाई, पेशवाईच्या कागदांतली नाटकशाळा, असे कितीतरी शब्द आहेत. परंतु बाईला कोणीतरी ठेवले आहे एवढेच ते सांगतात, तिला स्वतःचे काही स्थान आहे असे त्यांतला एकही शब्द सांगत नाही. फ्रेंच संज्ञा ‘मेत्रेस आं तित्र्’ अशी आहे. ‘मेत्रेस’चा मूळ अर्थ मालकीण किंवा स्वामिनी, आणि ‘आं तित्र्’ म्हणजे एखाद्या जागेवर हक्काने बसलेली, आपण कचेरीत ‘कायम झालेला’ म्हणतो तशी. गेल्या अंकातल्या लेखकाने ‘रखेल’ हा शब्द वापरला, कारण दुसरा सुटसुटीत शब्द नाही. आम्ही या उत्तरांत शक्यतो ‘राजप्रेयसी’ म्हणू, जरी त्यातही प्रेमाचा अंश जरा जास्तच आहे.

आता सनदेविषयी. या पदाचा कोणताही कायदा नव्हता, नेमणूकपत्र नव्हते आणि ठरलेला पगारही नव्हता. सरदारकीची पदवी किंवा जहागीर देताना राजा पत्र देई, पण त्या पत्रात खरे कारण लिहिलेले नसे. नेमणुकीची खूण दरबारी रिवाजात होती. स्त्रीला राजा, राणी आणि युवराज यांच्यासमोर विधिपूर्वक सादर केले की ती दरबाराची झाली. त्याआधी ती राजाच्या कितीही जवळची असली तरी दरबाराच्या लेखी ती नव्हतीच. सादर होण्यासाठी तिच्याकडे सरदार घराण्याचे नाव लागे आणि तिला पुढे घेऊन जाणारी, स्वतः आधीच सादर झालेली एक थोर स्त्री लागे.

१४ सप्टेंबर १७४५ रोजी पंधराव्या लुईची राजप्रेयसी मादाम द पाँपादूर अशी सादर झाली. तिचे माहेरचे नाव झान आंत्वानेत प्वासाँ. ती पॅरिसच्या सावकारी वर्तुळातली, म्हणजे सरदारांच्या दृष्टीने सामान्य कुळातली मुलगी होती. फेब्रुवारीत युवराजाच्या लग्नानिमित्त व्हर्सायला झालेल्या मुखवट्यांच्या नाचात राजाची मर्जी तिच्यावर बसल्याचे सर्वांच्या लक्षात आले, जूनमध्ये तिची नवऱ्यापासून कायदेशीर फारकत झाली, उन्हाळ्यात राजाने तिला पाँपादूरची जहागीर आणि ‘मार्कीझ’ ही पदवी दिली, आणि सप्टेंबरात कोंती घराण्याच्या राजकन्येने तिला पुढे नेले. या थोर बाई कर्जात होत्या, हे येथे सांगितलेच पाहिजे. ताठ काचोळी, पसरट घेराचा झगा आणि मागे लांब सोगा अशा वेशात तीन वेळा वाकून वंदन करायचे, उजव्या हाताचा मोजा काढून राणीच्या झग्याच्या काठाचे चुंबन घ्यायचे, आणि राणीकडे पाठ न करता, सोगा पायाने मागे सारत, उलट्या पावलांनी दालनाबाहेर जायचे असा तो विधी होता. ज्यांनी लग्नात नऊवारी सावरत जिना उतरला आहे त्यांना त्यातली अडचण वेगळी सांगायला नको. राणी काय बोलते याकडे त्या दिवशी अख्ख्या दरबाराचे कान होते. अशा वेळी झग्याचे कौतुक करून मोकळे होणे हा नापसंती दाखवण्याचा सभ्य मार्ग असे. राणीने झग्याचा विषय काढला नाही. दोघींच्या ओळखीच्या एका सरदार बाईंची तिने चौकशी केली. नेमणूक झाली ती त्या एका वाक्याने, असे म्हणायला हरकत नाही.

ही प्रथा अठराव्या शतकात जन्मली असे मात्र नाही. आन्येस सोरेल ही सातव्या शार्लची प्रेयसी अशी पहिली उघडपणे मान्य झालेली राजप्रेयसी समजली जाते. ती ९ फेब्रुवारी १४५० रोजी, तिशीही गाठण्यापूर्वी वारली आणि २००५ साली तिच्या अवशेषांची तपासणी झाली तेव्हा त्यांत पाऱ्याचे मोठे प्रमाण आढळले. तो औषधातून गेला की कोणी घातला, यावर अजून वाद आहे.

प्रश्न : राजाचे मन रमवण्यापलीकडे या बायका करत काय? मी सरकारी नोकरीत होतो. साहेबाच्या केबिनबाहेर बसणाऱ्या माणसाची ताकद मला ठाऊक आहे. तसाच हा प्रकार असावा काय? (दादर)

उत्तर : उत्तर आपणच दिले आहे. आम्ही फक्त तपशील भरतो.

व्हर्सायमध्ये सगळी सत्ता एका माणसाच्या हाती होती आणि त्या माणसापर्यंत पोचण्याचे रस्ते मोजके होते. मंत्री ठरलेल्या वेळी कागद घेऊन येत आणि जात. राजप्रेयसीला वेळ ठरवून घ्यावी लागत नसे. पाँपादूरला पहिली पाच वर्षे जी जागा मिळाली ती राजाच्या दालनांच्या वर, छताखालच्या मजल्यावर होती. आपल्या भाषेत पोटमाळाच. जिना चढून दम लागे, पण राजा खासगी जिन्याने थेट तिथे येई. चाळीत तिसऱ्या मजल्यावर कोणी मोठा माणूस राहायला आला की त्या जिन्याला जी वर्दळ लागते, तीच त्या पोटमाळ्याला लागली. सकाळी तिची वेणीफणी चालू असताना मंत्री, राजदूत, सेनापती, पाद्री आणि कवी हजर असत. तिच्या दालनात एकच खुर्ची, तिची स्वतःची, ठेवलेली असे. त्यामुळे आलेल्याला, मग तो कितीही मोठा असो, उभेच राहावे लागे, अशी आठवण सांगितली जाते.

या बसण्या-उभे राहण्याचा अर्थ आज पटकन ध्यानात येत नाही. राणीसमोर बसण्याचा हक्क फक्त डचेस दर्जाच्या स्त्रियांना होता, आणि तोसुद्धा खुर्चीवर नाही, तर बिनपाठीच्या, बिनहाताच्या लहानशा स्टुलावर. त्या स्टुलासाठी घराणी पिढ्यान्‌पिढ्या झगडत. पाँपादूरला ते १७५२ साली मिळाले. पुढे १७५६ मध्ये तिला राणीच्या सेवेतल्या मानकरी स्त्रियांमध्ये जागा मिळाली, म्हणजे ज्या बाईच्या नवऱ्याशी तिचे नाव जोडलेले होते त्याच बाईच्या तैनातीत ती रीतसर दाखल झाली. लग्नाच्या पंगतीत पहिले पान कोणाचे यावरून रुसणारी आपली मंडळी व्हर्सायला चटकन रुळली असती.

आणखी एक गोष्ट बहुतेकांना ठाऊक नसते. राजा आणि पाँपादूर यांचा शरीरसंबंध १७५० च्या सुमारास संपला होता. तरी पुढची चौदा वर्षे, १५ एप्रिल १७६४ रोजी वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी क्षयाने मरण येईपर्यंत, ती त्या पदावर राहिली. वरच्या पोटमाळ्यावरून ती तळमजल्यावरच्या प्रशस्त दालनांत आली ती याच सुमारास. पद बिछान्याला बांधलेले असते तर हे घडले नसते. राजा स्वभावाने संकोची होता, चटकन कंटाळत असे, नवी माणसे त्याला नको असत. त्याला वाईट बातमी सांगणे, नको असलेल्या माणसाला टाळणे, हवे असलेल्याला त्याच्यासमोर योग्य क्षणी आणणे ही कामे तिने अंगावर घेतली होती. तिने राजाच्या खासगी दालनांत छोटे नाट्यगृह उभारले, त्यात ती स्वतः अभिनय करी. प्रेक्षक किंवा नट म्हणून तेथे शिरकाव मिळावा म्हणून मोठमोठे सरदार वशिला लावत. करमणूक आणि कारभार यांच्यात भिंत नव्हती.

या वशिल्याचे फळ कुठे कुठे दिसते ते पाहा. तिचा भाऊ १७५१ पासून राजाच्या सर्व इमारतींचा प्रमुख झाला. व्हाँसेनचा चिनी मातीचा कारखाना १७५६ मध्ये तिच्या बेलव्ह्यू या वाड्याजवळ सेव्र येथे आला आणि १७५९ मध्ये राजाने तो पूर्ण विकत घेतला. तेथील नव्या भांड्यांची विक्री राजवाड्यात मांडली जाई, तेव्हा दरबाऱ्यांना ती घ्यावीच लागत. गरीब सरदारांच्या मुलांसाठी १७५१ मध्ये स्थापन झालेल्या लष्करी शाळेमागे तिचा पाठपुरावा होता. तिचा वैद्य केने हा राजवाड्यातच एका बुटक्या मधल्या मजल्यावर राहत असे, आणि सगळी संपत्ती जमिनीतून येते असे सांगणारा त्याचा प्रसिद्ध ‘आर्थिक तक्ता’ त्याने १७५८ मध्ये तेथेच मांडला. पॅरिसमध्ये तिने १७५३ साली घेतलेला वाडा आज एलिझे राजवाडा म्हणून ओळखला जातो. फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष तेथे राहतात. शिफारशीने भलते लोकही चढले. तिचा मित्र सुबीझ याला सेनापतिपद मिळाले आणि ५ नोव्हेंबर १७५७ रोजी रॉसबाखला प्रशियाच्या फ्रेडरिकने, सैन्य जवळजवळ निम्मेच असताना, त्याची दाणादाण उडवली.

साहेबाच्या केबिनबाहेरच्या माणसात आणि तिच्यात फरक एवढाच, की त्या माणसाला निवृत्तीची तारीख ठाऊक असते. तिला उद्याची खात्री नव्हती.

प्रश्न : या सगळ्याचा खर्च कोण करी? (मुलुंड)

उत्तर : रयत. राजाकडे रोख रक्कम देण्याचे असे हुकूम होते की ज्यांवर त्याची सही पुरेशी असे आणि रक्कम कशासाठी दिली ते हिशेबतपासनिसांना विचारता येत नसे. याशिवाय करवसुलीचा मक्ता खासगी सावकारांकडे असल्यामुळे त्या मक्त्यातला वाटा मर्जीतल्या माणसांना गुपचूप देता येई. आपल्याकडच्या इजारदारीची ज्यांना माहिती आहे त्यांना हा मार्ग ओळखीचा वाटेल. मात्र फ्रान्सचे दिवाळे या बायकांनी काढले हे म्हणणे हिशेबात बसत नाही. युद्धांच्या कर्जापुढे त्यांचा खर्च किरकोळ होता.

प्रश्न : राणीने हे सहन कसे केले? आणि त्या राजप्रेयसीच्या नवऱ्याने? आमच्या वाचनगटात ‘मस्तानीसारखेच’ असे एकीने म्हटले आणि त्यावरून बराच वाद झाला. (वाचनगटातील भगिनी, विलेपार्ले)

उत्तर : राणी मारी लेझिंस्का ही पोलंडच्या पदच्युत राजाची मुलगी, राजापेक्षा सात वर्षांनी मोठी. लग्नाच्या वेळी, १७२५ मध्ये, राजा पंधरा वर्षांचा होता. १७२७ ते १७३७ या दहा वर्षांत तिला दहा मुले झाली, आणि त्यानंतर तिने आपल्या दालनाचे दार हळूहळू बंद केले. सहन करण्यावाचून तिला गत्यंतर नव्हते हे खरे; पण तिने व्यवहारही पाहिला. पाँपादूरच्या आधी एकाच नेल घराण्यातल्या चार बहिणी पाठोपाठ राजाच्या जवळ आल्या होत्या आणि त्यांतल्या काहींनी राणीला उघड पाणउतारा सोसायला लावला होता. पाँपादूर राणीशी अदबीने वागे, तिला फुले पाठवी, राजाकडून तिची कामे करून देई. कोणीतरी असणारच असेल तर हीच असू दे, असे राणीने म्हटल्याचे सांगतात. याआधीच्या राजवटीत चौदावा लुई राणी आणि दोन प्रेयसी, ला व्हालियेर व मोंतेस्पाँ, यांना एकाच गाडीतून मोहिमेवर नेत असे आणि रस्त्यातले लोक तीन राण्या पाहायला जमत; त्या मानाने मारी लेझिंस्काच्या वाट्याला बरे आले.

नवऱ्याचे म्हणाल तर तो असावा लागे. हे विचित्र वाटेल, पण राजप्रेयसी सहसा विवाहित असे. नवऱ्याने तिला नाव आणि दर्जा द्यायचा आणि स्वतः दूर राहायचे. पाँपादूरचा नवरा गुपचूप बाजूला झाला. मोंतेस्पाँचा नवरा तसा नव्हता. त्याने आरडाओरडा केला, त्याला १६६८ मध्ये काही दिवस तुरुंगात बसावे लागले, आणि आपल्या गाडीवर त्याने शिंगे बसवली अशी कथा आहे. फ्रान्समध्ये शिंगे ही फसवल्या गेलेल्या नवऱ्याची खूण आहे. या नवऱ्यामुळे एक कायदेशीर पेचही झाला. मोंतेस्पाँला राजापासून सात मुले झाली. पण विवाहित स्त्रीचे मूल कायद्याने नवऱ्याचे ठरते. म्हणून १६७३ मध्ये राजाने मुलांना औरस ठरवणारे पत्र काढले तेव्हा त्यात आईचे नावच घातले नाही. कागदावर ती मुले बापाची होती, आईची कोणाचीच नव्हती.

आता मस्तानी. आमच्या मते आपल्या गटातला वाद योग्य जागी झाला. पंधराव्या लुईच्या दरबारात पाँपादूर आली त्याच्या पाच वर्षे आधी, १७४० मध्ये, बाजीराव आणि मस्तानी दोघेही वारले. काळ जवळचा आहे, एवढेच साम्य. मस्तानीला बाजीरावाच्या मनात स्थान होते, शनिवारवाड्याला तिच्या नावाचा दरवाजाही आहे. परंतु घराण्याने आणि पुण्याच्या ब्राह्मणांनी तिला मान्यता दिली नाही, तिचा मुलगा शमशेरबहादूर याची मुंज होऊ शकली नाही. पाँपादूरचे नेमके उलटे होते. तिच्याशी राजाचे लग्न लागण्याची शक्यताच नव्हती आणि म्हणूनच दरबार तिला निर्धास्तपणे मान देऊ शकला. जी बायको होऊ शकते तिची भीती वाटते. मस्तानीची लढाई घरात जागा मिळवण्याची होती, पाँपादूरची दरबारात जागा टिकवण्याची. म्हणून दोघींना एका शब्दात बसवू नये.

प्रश्न : फ्रान्सचा राजा तर ‘परमख्रिस्ती’ म्हणवत असे. धर्मगुरू गप्प कसे बसले? (माहीम)

उत्तर : ते गप्प बसले नाहीत, आणि या पदाला खरा धोका त्यांच्याकडूनच होता; राणीकडून नव्हता.

कॅथलिक माणसाने वर्षातून एकदा, ईस्टरला, पापांची कबुली देऊन प्रसाद घेणे बंधनकारक असते. कबुली देताना पाप सोडण्याचा निश्चय सांगावा लागतो. ज्याची प्रेयसी शेजारच्या दालनात राहते त्याला तो निश्चय सांगता येत नाही. त्यामुळे दर वर्षी वसंत ऋतूत राजप्रेयसीची खुर्ची डळमळे. १६७५ च्या ईस्टरला व्हर्सायच्या एका साध्या पाद्र्याने मोंतेस्पाँला पापमुक्ती नाकारली, ती रागाने राजाकडे गेली, राजाने धर्मपंडितांना विचारले, आणि त्यांनी पाद्र्याची बाजू घेतली. काही काळ दोघांना वेगळे राहावे लागले.

पंधराव्या लुईने दुसरा मार्ग धरला. १७३९ पासून त्याने ईस्टरचा प्रसाद घेणेच थांबवले. हे त्याचे खासगी प्रकरण राहिले असते, पण फ्रान्सच्या राजाच्या स्पर्शाने गंडमाळा बरी होते अशी शतकानुशतकांची श्रद्धा होती. मोठ्या सणांना शेकडो रोगी रांगेने गुडघे टेकून बसत आणि राजा प्रत्येकाच्या चेहऱ्यावर क्रुसाची खूण करत पुढे जाई. त्यासाठी राजाने आधी प्रसाद घेतलेला असला पाहिजे. प्रसाद बंद झाला तशी ती रांगही बंद झाली. ज्याच्या हातात गुण आहे असे आजवर मानले त्याच्याच वागण्याने तो गुण गेला, असे लांबून पायी आलेल्या रोग्याने गावी परत जाऊन सांगितले असेल तर त्यात नवल नाही. आमच्या मते सगळ्या दागिन्यांपेक्षा आणि वाड्यांपेक्षा राजसत्तेला महाग पडले ते हे.

मेट्झचा प्रसंगही येथे सांगितला पाहिजे. ऑगस्ट १७४४ मध्ये राजा युद्धाच्या मोहिमेवर असताना मेट्झ शहरी मरणाच्या दारात पोचला. सोबत त्या वेळची प्रेयसी, नेल बहिणींतली धाकटी शातोरूची डचेस, होती. ती शहराबाहेर गेल्याखेरीज राजाला मरणापूर्वीचा धर्मसंस्कार देणार नाही असे स्वासाँच्या बिशपने बजावले. राजाने तिला घालवले, आपल्या वर्तनाबद्दल जाहीर क्षमा मागितली, आणि मग तो बरा झाला. त्या दिवसांत प्रजेने त्याला ‘लाडका’ ही उपाधी दिली. शरद ऋतूत त्याने डचेसला परत बोलावले. बिशपला आपल्या गावी धाडण्यात आले. डचेस मात्र ८ डिसेंबरला वारली. ती जागा रिकामी झाली नसती तर फेब्रुवारीतल्या नाचात पाँपादूरकडे कोणी वळूनही पाहिले नसते.

प्रश्न : मुलगा ज्या सलूनमध्ये जातो तिथे ‘पॉम्पाडूर कट’ अशी पाटी आहे. तो हिचाच काय? (बोरिवली)

उत्तर : नाव तिचे, केस तिचे नाहीत. कपाळावरून उंच फुगवून मागे नेलेल्या केसांना हे नाव एकोणिसाव्या शतकात पडले आणि पुरुषांत ते अमेरिकी गायकांमुळे पसरले. तिच्या चित्रांत केस चापूनचोपून बसवलेले, पुष्कळदा एखादे फूल खोवलेले दिसतात.

प्रश्न : एका बाईच्या हट्टापायी फ्रेंचांच्या हातून हिंदुस्थान गेला असे एका व्याख्यानात ऐकले. त्यात तथ्य किती? (महाविद्यालयीन विद्यार्थी, परळ)

उत्तर : तथ्य थोडे आहे, ते आधी सांगतो. ऑस्ट्रिया हा फ्रान्सचा दोन शतकांचा वैरी. त्याच्याशी मैत्रीचा प्रस्ताव १७५५ मध्ये आला तो मंत्र्यांमार्फत नाही, तर पाँपादूरमार्फत. पहिल्या गुप्त बोलण्यांसाठी तिचा विश्वासू पाद्री बेर्नी आणि ऑस्ट्रियाचा राजदूत तिच्या बेलव्ह्यू वाड्याच्या पायथ्याशी असलेल्या एका लहान घरात भेटले. १ मे १७५६ रोजी व्हर्सायचा तह झाला आणि फ्रान्स युरोपातल्या सात वर्षांच्या युद्धात ओढला गेला. सैन्य आणि पैसा जर्मनीत गुंतला, समुद्रावर इंग्रज मोकळे राहिले. १६ जानेवारी १७६१ रोजी पाँडिचेरी इंग्रजांच्या ताब्यात गेली. तारीख पुन्हा वाचा. पानिपतावर मराठ्यांची फौज कापली गेली ती १४ जानेवारीला. या देशावर राज्य कोण करणार या प्रश्नाचे दोन मोठे दावेदार दोन दिवसांत, सुमारे बाराशे मैलांच्या अंतरावर, बाजूला झाले.

आता उरलेले. हिंदुस्थानातला फ्रेंच गव्हर्नर डुप्ले याला फ्रेंच कंपनीने माघारी बोलावले ते १७५४ मध्ये, म्हणजे तहाच्या दोन वर्षे आधी, आणि कारण पैशाचे होते. भागीदारांना लढाया नको होत्या, नफा हवा होता. तह पाँपादूरच्या वाड्याजवळ सुरू झाला खरा, पण तो राजाला हवा होता आणि मंत्रिमंडळाने मान्य केला होता. प्रशियाने इंग्लंडशी आधीच करार करून फ्रान्सला कोपऱ्यात ढकलले होते. निरोप्याला लढाईचा कर्ता म्हणता येत नाही.

मग तिच्यावर खापर का फुटले? कारण या पदाचे ते एक कामच होते. राजाला नावे ठेवणे हा राजद्रोह, पण त्याच्या प्रेयसीला नावे ठेवणे त्या मानाने सुरक्षित. प्वासाँ या आडनावाचा अर्थ मासा. त्यावरून पॅरिसच्या बाजारात तिच्यावर गाणी रचली जात, त्यांना ‘प्वासोनाद’, म्हणजे जवळजवळ ‘मासळीगीते’, असे नाव पडले. त्यांतली काही दरबारातच लिहिली जात आणि तेथून शहरात पोचत. नौदलमंत्री मोरपा याच्यावर अशा एका कवनाचा संशय आला, आणि एप्रिल १७४९ मध्ये राजाने त्याला घालवले. तो पुन्हा दरबारात आला तो पंचवीस वर्षांनी, पुढच्या राजाच्या काळात.

प्रश्न : शेवटची राजप्रेयसी कोण? तिच्यानंतर ही प्रथा कशाने बंद झाली? (गोरेगाव)

उत्तर : शेवटची मादाम द्यु बारी. तिच्या बाबतीत सगळा विधी झाला, पण प्रत्येक पायरीला कागद खोटा होता. झान बेक्यू ही शिवणकाम करणाऱ्या अविवाहित आईची मुलगी. तिला ज्याने पुढे आणले त्या द्यु बारीचे स्वतःचे लग्न झालेले होते, म्हणून १ सप्टेंबर १७६८ रोजी त्याच्या भावाशी तिचे नावापुरते लग्न लावले. त्यासाठी जन्माचा बनावट दाखला केला. त्यात तिला बाप मिळाला आणि तीन वर्षे कमी झाली. दरबारात सादर करायला थोर स्त्री मिळेना. अखेर बेआर्नची वृद्ध काउंटेस तयार झाली, तिची देणी फेडण्याच्या बोलीवर. २२ एप्रिल १७६९ रोजी विधी पार पडला. पुढच्या वर्षी चौदा वर्षांची मारी आंत्वानेत युवराजाची वधू म्हणून आली आणि तिने या बाईशी बोलायचे नाही असे ठरवले. दर्जाने मोठ्या स्त्रीने आधी बोलल्याशिवाय दुसरीला तोंड उघडता येत नसे, त्यामुळे तिचा अबोला म्हणजे द्यु बारीचा रोजचा जाहीर अपमान होता. व्हिएन्नाहून आईची पत्रे आली, राजदूताने विनवण्या केल्या, तेव्हा १ जानेवारी १७७२ रोजी तिने तिच्या दिशेने पाहून एवढेच म्हटले, की आज व्हर्सायला बरीच गर्दी आहे. त्यानंतर ती तिच्याशी पुन्हा बोलली नाही.

एप्रिल १७७४ च्या अखेरीस राजाला देवी आल्या. मरण दिसू लागताच मेट्झचाच खेळ पुन्हा झाला. ४ मे रोजी द्यु बारीला राजवाड्याबाहेर पाठवण्यात आले, मग राजाला प्रसाद मिळाला, आणि १० मे रोजी तो गेला. नवा राजा सोळावा लुई बायकोशी एकनिष्ठ होता. नीतीच्या दृष्टीने हे चांगलेच झाले, पण दरबाराच्या यंत्रात एक जागा रिकामी राहिली. मर्जी, वशिला, फॅशन आणि उधळपट्टी या सगळ्यांसाठी लोक ज्या स्त्रीकडे बोट दाखवत ती आता नव्हती. राणी मारी आंत्वानेतने ती जागा नकळत भरली. पाँपादूरसाठी बांधायला घेतलेला, तिच्या मृत्यूनंतर पुरा झालेला पेती त्रियानों राणीला मिळाला. द्यु बारी घेईल या आशेने जवाहिऱ्यांनी तयार केलेला हिऱ्यांचा हार १७८५ मध्ये राणीच्या नावावर कुप्रसिद्ध झाला, जरी तिने तो घेतलाच नव्हता. पूर्वी प्रेयसीवर जी गाणी होत ती राणीवर होऊ लागली, आणि राणीला तर मरणशय्येपाशी राजवाड्याबाहेर पाठवून पापक्षालन करता येत नाही.

द्यु बारी क्रांतीपर्यंत लुव्हसिएन्नच्या आपल्या वाड्यात राहिली. तिच्याकडे झामोर नावाचा नोकर होता. लहानपणी गुलाम म्हणून पकडून त्याला फ्रान्सला नेले होते. दरबारात त्याला रंगीबेरंगी कपडे घालून, पाळीव प्राण्यासारखे मिरवले जाई, आणि सगळे त्याला आफ्रिकी समजत. तो मोठा झाला, वाचू लागला, क्रांतिकारकांना मिळाला आणि मालकिणीविरुद्ध साक्षीला उभा राहिला. ८ डिसेंबर १७९३ रोजी तिचा शिरच्छेद झाला. त्या खटल्यात त्याला जन्मस्थान विचारले तेव्हा त्याने बंगालमधील चितगाव असे सांगितले.